पुन्हा भांडून दाखवा

'महाराष्ट्राचा महागळा' या गाण्याच्या स्पर्धेचा फॉर्म सहा पानांचा होता. त्यात गाण्यासाठी अर्धं पान. उरलेल्या साडेपाच पानांत घरात कोण वारलं, कोण अंथरुणाला खिळलंय, कोण कुणाशी बोलत नाही याची कसून चौकशी होती आणि तळाला सूचना होती, की जागा अपुरी पडल्यास वेगळा कागद जोडावा. प्रेरणाने वेगळा कागद जोडला होता.

पोरगी गायची चांगली, हे कबूल करायला हवं. पालीला आजोळी राजगड चढणाऱ्या लोकांना चहा देता देता ती गुणगुणत होती. ते कुणीतरी मोबाईलवर टाकलं, आठवड्यात दोन लाख लोकांनी पाहिलं आणि शिवऱ्याच्या रणपिशांच्या घरात तेव्हापासून कुणी धड बोलेना. प्रेरणा आरशासमोर उभी राहून रसिकांचे आभार मानायची. हाती काही पडलं नव्हतं, पण आभार पाठ होते. तिची आई माधुरी शेजारणीला मिरच्या देतानासुद्धा "आमची प्रेरणा सध्या शूटिंगमध्ये बिझी असती" हे सांगितल्याशिवाय मिरची हातावर ठेवत नव्हती.

मग स्पर्धेत निवड झाली आणि पोरगी मतं कमी पडून लागोपाठ दोनदा धोक्याच्या पट्टीत आली. परीक्षक म्हणाले, सूर पक्का आहे, पण तुझी गोष्ट लोकांच्या काळजाला भिडत नाही. म्हणजे काय, ते प्रेरणाला नीट कळलं. चॅनेलवाल्यांनीही तिचा जोडलेला कागद बाहेर काढला. त्यात लिहिलं होतं, की माझे पप्पा संघपाल आणि मोठे पप्पा संजय हे सख्खे भाऊ बारा वर्षं एकमेकांशी बोलत नाहीत. चॅनेलवाले हरखले. रविवारी अकरा वाजता कॅमेरा घेऊन शिवऱ्याला येतो, दोघांना समोरासमोर आणू, गळाभेट घडवू, असा निरोप आला.

बारा वर्षांपूर्वी, वैशाखात, त्या दोघांचे वडील सर्जेराव वारले. एसटीतून ड्रायव्हर म्हणून निवृत्त झालेला माणूस, दोन महिने खाटेवर होता. थोरला संजय पाटबंधारे खात्यात, तेव्हा नागपूरला ट्रेनिंगला गेलेला. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत तो पोचला असता. धाकट्या संघपालने वाट पाहिली नाही, त्याच संध्याकाळी अग्नी दिला. संजय आला तेव्हा राख गार झाली होती. त्याने भरल्या अंगणात भावाची गचांडी धरली आणि "बापाचं तोंड बगू दिलं न्हाईस" एवढंच म्हणाला. त्यानंतर तो दर महिन्याला भोरहून आईला भेटायला यायचा, पण संघपाल कापूरहोळच्या गॅरेजवर गेल्याची खात्री करून.

त्यांची आई अक्काबाई अठ्ठ्याहत्तरीची होती. स्पर्धेला ती 'ती भानगड' म्हणायची. पण दोन्ही लेकांना एका चटईवर जेवताना बघून डोळे मिटावेत, हा एक लोभ तिला सुटत नव्हता. भावकीने प्रयत्न केले, विहारातल्या वडीलधाऱ्यांनी केले, काही झालं नाही. आता ते भानगडीने होत असेल तर होऊ दे, असं तिने स्वतःला समजावलं आणि शनिवारी आपलं पांढरं पातळ नीळ घालून धुतलं.

*

रविवारी सकाळी नऊच्या सुमारास संजयची गाडी कापूरहोळच्या चौकात बंद पडली.

शेजारी त्याची बायको रश्मी बसली होती. भोरच्या शाळेत ती इतिहास शिकवायची आणि टीव्हीवरच्या या असल्या कार्यक्रमांना 'थिल्लर' म्हणायची. आज मात्र तिने नवी कोरी इरकल नेसली होती आणि पुण्याहून आणलेली लिपस्टिक दोनदा पुसून तिसऱ्यांदा लावली होती.

"आता?" ती म्हणाली.

"आता काय. ढकलायची."

चौकात चार गॅरेजं होती. संजयने तीन नजरेने मोजली, चौथ्याकडे मान वळवली नाही. तोवर चौथ्यातूनच एक माणूस हात पुसत बाहेर आला आणि काही न बोलता गाडीला मागून हात लावला. संजय स्टिअरिंग धरून चालत राहिला. गाडी आपोआप गॅरेजात शिरली.

संघपालने बॉनेट उघडलं.

"बेल्ट तुटलाय," तो इंजिनाला म्हणाला. मग न राहवून, "किती दिस आवाज करत व्हता?"

"महिना झाला असेल," संजय म्हणाला.

"म्हैनाभर गाडी वरडतीया आन् साहेब गाणी मोठ्यानं लावून बसलं असतील."

रश्मी हसली. गाणी तोच मोठ्याने लावायचा, हे खरं होतं.

"हा बेल्ट बसवला कुणी?"

"भोरातल्या एकानं."

"एक नंबर ल्हान हाय. दादा, त्याच्याकडं सायकलबी नेऊ नगं."

'दादा' हा शब्द बारा वर्षांनी आला होता. संजयने तो ऐकला आणि उगाच खाली वाकून टायर बघितलं. संघपाल आत जाऊन नवा बेल्ट घेऊन आला. "हितं टॉर्च धर," म्हणाला. थोरल्याने टॉर्च धरला. लहानपणी आण्णा, म्हणजे सर्जेराव, दुरुस्तीला बसले की टॉर्च धरायचं काम थोरल्याचंच असायचं, आणि तो तेव्हाही भलतीकडेच उजेड पाडायचा.

"आरं हितं धर. हितं. आण्णा म्हनायचं ते खरं हाय, तुजा टार्च ह्या गावाला आन् काम त्या गावाला."

आता दोघंही हसले. समोरच्या टपरीतून तीन चहा आले. चहा संपला तरी कुणी उठेना. शेवटी संघपालनेच हातावर साबण चोळत विचारलं, "अकराला ती टीव्हीची लोकं येनार. मग तवर हितंच बसायचं, का घरी जायाचं?"

"घरी जायचं की," संजय म्हणाला. "तू चालव. बेल्टचं काय खरं नाही."

अर्ध्या तासात, एका बेल्टावर, बारा वर्षांचं वैर मिटलं. त्याला ना परीक्षक लागले ना पार्श्वसंगीत. माणसांना सोडून दिलं तर ती बऱ्याच वेळा शहाण्यासारखी वागतात.

*

एकाच गाडीतून दोन्ही लेक उतरताना पाहून अक्काबाई ओट्यावर मटकन बसली. रडली नाही. "माधुरे, चटई टाक," एवढंच तिच्या तोंडून निघालं.

माधुरीने चटई टाकली, मटणाचा अळणी रस्सा आणि भाकरी मांडली. दोघं भाऊ मांडीला मांडी लावून बसले. रश्मी आणि माधुरी या दोन जावांचंही आतल्या खोलीत पाच मिनिटांत सूत जमलं, कारण माधुरीला साडीची पिन लावता येत नव्हती आणि रश्मीला येत होती. "ताई, तुमी कॅमेऱ्याच्या या बाजूला बसा, म्हंजी इरकल दिसंल," असं माधुरी म्हणाली तेव्हा तर दोघी सख्ख्या बहिणी झाल्या.

अक्काबाई समोर बसून लेकांना जेवताना बघत होती. हवं ते मिळालं होतं. पण तिच्या आत एक जुना खडा होता आणि तो आज जास्तच टोचत होता. संजयने दुसरी भाकरी मागितली तेव्हा तिने ती त्याच्या ताटात वाढली आणि त्याच्याकडे न बघता पाणी आणायला उठली.

अकराला पांढरी गाडी आली. त्यातून प्रेरणा उतरली, दोन कॅमेरेवाले उतरले आणि शेफाली उतरली. शेफाली चॅनेलची 'क्रिएटिव्ह' होती. म्हणजे काय, हे शिवऱ्यात शेवटपर्यंत कुणाला कळलं नाही, पण हातात कागद धरून आणि कानात यंत्र घालून ती सगळ्यांवर ओरडू शकत होती, एवढं कळलं.

तिने चटईवरचे दोघे भाऊ पाहिले, एका ताटलीतल्या कांद्याकडे गेलेले दोघांचे हात पाहिले आणि तिचा चेहरा पडला.

"हे काय? यांचं मिटलं?"

"सकाळीच मिटलं," माधुरी कौतुकाने म्हणाली.

"अहो पण आम्ही आलोच नव्हतो!"

प्रेरणाच्या डोळ्यांत पाणी आलं. आनंदाचं असावं, असं अक्काबाईला वाटलं. ते तसं नव्हतं. "पप्पा, एक दिवस कळ काढता आली नाही तुम्हाला? बारा वर्षं थांबलात, दोन तास थांबता येत नव्हतं?"

आपण नक्की कोणता गुन्हा केला, हे संघपाल हातातल्या भाकरीला विचारत राहिला.

शेफाली कपाळावर दोन बोटं ठेवून उभी राहिली. मग म्हणाली, "ठीक आहे. आपण रिक्रिएट करू. तुम्ही पुन्हा भांडून दाखवा. खरं भांडण होतंच ना, काही खोटं करायचं नाहीये. भांडा, मग आम्ही मिठी घेऊ."

"म्या न्हाई भांडनार," संघपाल म्हणाला. "आत्ता जेवलोय त्याच्याबरोबर."

"पप्पा, फक्त तीन मिनिटं. माझं सगळं आयुष्य आहे यात."

एकोणीस वर्षांच्या पोरीचं सगळं आयुष्य तीन मिनिटांत मावत होतं आणि ते कुणाला विचित्र वाटलं नाही. रश्मी म्हणाली, "संजय, तिच्यासाठी करा ना. नाटकासारखंच." संजय कॉलेजात असताना नाटकात काम करायचा. त्याने केसांवरून हात फिरवला आणि उभा राहिला. उतावळा नवरा गुडघ्याला बाशिंग.

*

घराच्या दर्शनी भिंतीला नवा रंग होता, म्हणून शेफालीने परसातली गिलावा पडलेली भिंत निवडली. अक्काबाईला बाजूला, पेरूच्या झाडाखाली खुर्ची दिली.

पहिल्या वेळेला दोघे भाऊ हसले. दुसऱ्या वेळेला संजयने "तू माझा भाऊच नाहीस" हे असं म्हटलं, की माधुरीने हसू दाबायला पदर तोंडात कोंबला. शेफालीने कॅमेरा थांबवला आणि संजयला चार पावलं बाजूला नेलं. पेरूच्या झाडाजवळच. अक्काबाईला शब्द न् शब्द ऐकू आला.

"सर, मला एक सांगा. त्यांनी वाट का नाही पाहिली, हे तुम्ही कधी विचारलंत त्यांना?"

"नाही."

"का नाही? तुमचे वडील होते. थोरले तुम्ही. लोक काय म्हणाले असतील?"

संजय परत भिंतीपाशी आला तेव्हा नाटकातला राहिला नव्हता.

"का थांबला नाहीस, संघ्या?" तो म्हणाला. आवाज हळू होता. कॅमेरेवाला नकळत पुढे सरकला.

संघपालने मान खाली घातली. "जाऊ दे ना, दादा."

"का जाऊ दे? येक रातीची गोष्ट व्हती. बर्फ मिळत न्हवता का भोरात?" आता संजय शुद्ध बोलणं विसरला. "तुला मोठं व्हायचं व्हतं. गावानं म्हनावं, धाकटाच खरा, थोरला नावाचा. त्यापायी तू माज्या बापाला माज्या आधी जाळलास."

"दादा, तोंड सांबाळ."

"न्हाई सांबाळत. मड्यावर मोठा झालास तू."

संघपालच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. तोंड उघडलं, मिटलं. पुन्हा उघडलं, मिटलं. बारा वर्षं तो हेच करत आला होता. माधुरी पुढे आली, "अवो, सांगून टाका की आता!" म्हणाली, आणि त्याने तिला हाताने मागे ढकललं.

अक्काबाई खुर्चीतून उठली.

"संजू, त्याला काय इचारतूस. मला इचार," ती म्हणाली. "त्यो थांबनार व्हता. बरफाला मानूसबी धाडला व्हता त्यानं. म्या सांगितलं, थांबू नगं. दोन म्हैनं तुजा बाप खाटंवरनं दाराकडं बगायचा. संजू आला का, संजू आला का. तू दर टायमाला म्हनायचास, फुडल्या रविवारी येतू. त्यो गेला तवा माजं डोस्कं फिरलं. म्या म्हनलं, जित्याला बगाया येळ न्हवता त्याला, आता मेल्याला कशाला बगतुया. उचला. तू ह्याची गचांडी धरलीस तवा बोलायला पायजे व्हतं. भ्याले. तू माज्याकडं यायचं बंद करशीला म्हनून भ्याले. ह्यानं माज्यासाठनं सोसलं."

संजय आईकडे बघत राहिला. महिन्याच्या महिन्याला येऊन याच बाईच्या मांडीवर डोकं ठेवून त्याने भावाची गाऱ्हाणी सांगितली होती, आणि ती केसांतून हात फिरवत ऐकत होती. आता त्याला त्या प्रत्येक वेळेची लाज वाटली आणि मग त्या लाजेचा राग आला.

"आजी!" शेफाली जवळजवळ ओरडली. तिच्या डोळ्यांत खरंच पाणी होतं. "काय बोललात हो! पण तुम्ही फ्रेमच्या बाहेर होतात. जरा इथे, भिंतीपाशी येऊन पुन्हा म्हणाल? अगदी तसंच."

संघपाल तिच्या अंगावर जाणार होता. प्रेरणाने त्याचा हात धरला आणि आजीकडे बघितलं. "आज्जी, एकदाच," ती म्हणाली. तिलाही रडू येत होतं, पण ती पापण्यांचा रंग जपून रडत होती.

अक्काबाई भिंतीपाशी गेली. नातीसाठी नाही. तिच्या डोक्यात दुसरंच आलं होतं. त्यांच्या भावकीत एक रीत होती, पाच माणसांत उच्चारलेला शब्द मागे घेता येत नाही. पाच माणसांत 'मिटलं' म्हटलं की मिटलं, मग मनात काही असो. इथे तर अख्खा महाराष्ट्र बसणार होता. संजू इथे जे बोलेल ते त्याला पाळावं लागेल, असा हिशेब त्या अडाणी बाईने केला.

म्हणून तिने ते पुन्हा सांगितलं. मग विमान गेलं, म्हणून तिसऱ्यांदा सांगितलं. तिसऱ्या वेळेला 'उचला' या शब्दापाशी थांबून पदर डोळ्याला लावायचा होता, तो तिने बरोबर लावला.

"आता सर, तुम्ही," शेफाली म्हणाली. "आईच्या पाया पडा आणि म्हणा, आई, मी तुला माफ केलं. मग भावाला मिठी."

संजय तसाच उभा राहिला. रश्मी दबक्या आवाजात म्हणाली, "अहो, कॅमेरा चालू आहे."

तो वाकला. "आई, मी तुला माफ केलं," म्हणाला, स्वच्छ, शेवटच्या रांगेला ऐकू जाईल असं. अक्काबाईने त्याच्या डोक्यावर हात ठेवला. केसांना घाम होता. मग त्याने भावाला मिठी मारली, ती मात्र दोघांनाही सोडवेना आणि कॅमेरेवाल्याला ती तीन बाजूंनी घेता आली.

दिवे विझले, वायरी गुंडाळल्या. संजयने गाडीची किल्ली काढली.

"चा घिऊन जा," अक्काबाई म्हणाली.

"नको."

"संजू. आता म्हनलास न्हवं, माफ केलं म्हून?"

"ते त्यांच्यासाठी होतं," तो म्हणाला आणि रश्मीसाठी गाडीचं दार उघडलं.

*

शुक्रवारी सात वाजता संघपालच्या घरात पाय ठेवायला जागा नव्हती. शेजारची रतनबाई पुढे येऊन बसली होती. अक्काबाई खुर्चीत, निळीच्या पातळात. पाच दिवस ती स्वतःला एकच गोष्ट सांगत होती. रागात म्हणाला असेल तो, त्यांच्यासाठी म्हणून. पण आज सगळे ऐकतील. भोरात ऐकतील, त्याच्या हापिसात ऐकतील. मग तो कोणत्या तोंडाने फिरवील?

टीव्हीवर आधी हायवे आला, मग गिलावा पडलेली भिंत आली आणि सारंगी सुरू झाली. दोन भाऊ समोरासमोर. 'का थांबला नाहीस' एवढं ऐकू आलं. मग अक्काबाई दिसली, ओठ हलवणारी, डोळ्याला पदर लावणारी. तिच्या तोंडच्या आवाजाऐवजी सारंगीच होती. नंतर मिठी, समोरून, डावीकडून, उजवीकडून, अगदी संथ. स्टेजवर प्रेरणा गुडघ्यांवर बसली, परीक्षक उभे राहिले, आणि साबणाची जाहिरात लागली.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. रतनबाई म्हणाली, "अक्काबाई, दोनी लेकं एक झाली. आता काय पायजे मान्साला?"

दोनी लेकं एक झाली, हे खोटं नव्हतं. त्या आठवड्यात संजय दोनदा गॅरेजवर येऊन बसून गेला होता. तिथून शिवरं दहा मिनिटांवर होतं. तो तेवढा रस्ता आला नव्हता.

अक्काबाई साबणाची जाहिरात बघत बसली, मग पुढची, मग तिसरी. जाहिराती संपल्या तेव्हा दुसराच मुलगा गात होता. कार्यक्रम संपता संपता प्रेरणाचा मुंबईहून फोन आला. माधुरीने तो आधी सासूच्या कानाला लावला.

"आज्जी! मी सेफ! सगळ्यात जास्त मतं मला!"

"बरं झालं, बाय. पर त्यो बोलला ते कुठं गेलं?"

"कोण?"

"संजू. पाया पडला तवा बोलला ते."

"अगं ते कापलं, आज्जी. लांबत होतं फार. पण मिठी तीनदा दाखवली, बघितलीस ना?"

अक्काबाईने मान हलवली. फोनवर ती कुणाला दिसली नाही.

"मंग त्यो तसं बोललाच न्हाई," ती म्हणाली, आणि फोन माधुरीच्या हातात दिला.